उंबऱ्यावरची पालथी टोपली

रेवदंडा,
६ फेब्रुवारी

प्रिय आत्या,

तुला जय भीम, आणि तुझ्या ऐकू न येणाऱ्या डाव्या कानाला वेगळा जय भीम. त्या कानामुळेच मी फोन करत नाही. मागच्या वेळी मी फोनवर "सर्दी झालीय" एवढंच म्हणाले, पण इतक्या मोठ्याने म्हणाले की तुझ्याआधी शेजारच्या ठमाबाईने काढा सांगितला. त्यापेक्षा पत्र बरं. दिनानाथकाकांचा मासळीचा टेम्पो आगरदांड्याहून एक दिवसाआड इकडे येतोच. कागदाला बोंबलांचा वास लागेल, तेवढा चालवून घे.

आत्या, मला काम मिळालंय. कॉलेजात शिकले तेच काम. एका वेब मालिकेचं शूटिंग इथे खाडीजवळच्या बंद पडलेल्या बर्फाच्या कारखान्यात होणार आहे. गोष्ट चाळीस वर्षांनंतरची आहे. समुद्र बाजारपेठेपर्यंत आत आलाय आणि सरकारने माणसांनी एकमेकांजवळ बसण्यावर बंदी घातली आहे. गोष्ट ज्या जागांमध्ये घडते त्या जागा उभ्या करायच्या, हे माझं काम. भिंती, दारं, खाटा, पाट्या, कपबशासुद्धा. आमच्या प्रमुख राहीताई फक्त शनिवारी येतात. बाकीचे सहा दिवस सगळं माझ्यावर आहे. रोज सकाळी कारखान्याची चावी हातात घेताना मला उगाचच उंच झाल्यासारखं वाटतं.

आमचे निर्माते अजितसर. त्यांना वाईट काळ म्हणजे निळा उजेड, लोखंडी साखळ्या आणि खुंटीला टांगलेले मुखवटे असा हवा होता. मी धीर करून म्हणाले, "सर, वाईट काळ निळ्या उजेडात येत नाही. तो नोटीस लावून येतो." जातीच्या दाखल्यासाठी बाबांबरोबर मी चार वेळा रांगेत उभी राहिले होते, ते त्यांना सांगितलं. तिथे कुठे साखळ्या होत्या? एक ट्यूबलाइट होती, ती फडफडत होती, आणि साहेब जेवायला गेलेले होते. अजितसरांनी छताकडे बघितलं. मग म्हणाले, "लाव मग ट्यूबलाइट."

त्या सरकारची एक खूण हवी होती. मला आपली वाडी आठवली. लहानपणी कुणाच्या उंबऱ्यावर बांबूची टोपली पालथी घातलेली दिसली की कुणी म्हणजे कुणी आत जात नसे. तू सांगायचीस, "खुडूक कोंबडी बसलीय, आत गेलीस तर डोळे फोडील." मी ते घाबरणं तसंच उचललं. आता आमच्या गोष्टीत प्रत्येक बंद दारावर पालथी टोपली आहे, नोटिशीवर तिचा शिक्का आहे आणि तपासणी चौकीच्या दाराशी सगळ्यांत मोठी टोपली आहे. सगळे विचारतात, हे सुचलं कसं. मी ऐटीत सांगते, आमच्या गावचं आहे.

मला जुन्या, वापरलेल्या दहाबारा टोपल्या आणि दोन गोधड्या पाठव. नव्या नकोत. माणसाच्या हाताने झिजलेल्या हव्यात.

तुझी मैत्री


आगरदांडा,
९ फेब्रुवारी

चि. मैत्री,

तुझं पत्र पोचलं, बोंबीलही पोचले. दिनानाथने पत्राबरोबर मूठभर दिले.

टोपली सरकारची केलीस? चौकीच्या दारावर? मी पत्र दोनदा वाचलं. ठमाबाईला वाचून दाखवलं तर ती उठून घरी निघाली, आणि अर्ध्या वाटेतून परत येऊन म्हणाली, "टोपलीचं पुन्ना वाच." त्याबद्दल समोरासमोर बोलू. सोबत अकरा टोपल्या पाठवल्या आहेत. दोन गोधड्या आहेत, त्यातली हिरव्या काठाची माझ्या लग्नातली. परत आली पाहिजे.

आता महत्त्वाचं. चौदा एप्रिलला संध्याकाळी विहारात तुझं भाषण ठेवलं आहे. कमिटीने एकमताने ठरवलं. वाडीतली पहिली पदवीधर मुलगी म्हणून तू मुलींना सांगायचं, मी काय काम करते. तुझ्या बापाला कळल्यापासून तो जमिनीवर नाही. रामाने नवा पांढरा शर्ट शिवायला टाकलासुद्धा. सगळ्या साइटवर सांगत सुटलाय, माझी पोरगी माइकवर बोलणार.

तू लिहिलंस त्यात एक कळलं नाही. एकमेकांजवळ बसायला बंदी, बरं. मग ती दारं बंद करून आत माणसं करतात काय? ते तू लिहिलेलं नाहीस. माझा उजवा कान आणि दोन्ही डोळे शाबूत आहेत.

शूटिंग कधी आहे कळव. आम्ही बघायला येऊ.

आत्या


रेवदंडा,
१२ फेब्रुवारी

प्रिय आत्या,

टोपल्या मिळाल्या. किती सुंदर झिजल्या आहेत! एकीचा काठ कुणीतरी साडीच्या चिंधीने बांधलाय, तो मी तसाच ठेवला. हिरव्या काठाच्या गोधडीवरून आमचे कॅमेरावाले हात फिरवत बसले होते. जपून परत आणीन.

शूटिंगला मात्र येऊ नकोस. इथे फार धूळ आहे, तुला खोकला होईल. शिड्या आहेत, वायरी आहेत, आणि बाहेरच्या माणसांना आत सोडत नाहीत. बघण्यासारखं तसं काही नाही. एक बाई आणि एक पुरुष आहेत, त्यांना भेटायला जागा नाही, एवढीच गोष्ट. मोठ्या माणसांची आहे. कंटाळा येईल.

भाषणाचं जरा राहू दे ना. मोरेकाकांची मुलगी नर्स झाली, तिला बोलवा. नर्सचं काम कुणालाही पटकन कळतं. माझं समजावून सांगायला अवघड आहे. बाबांना सांग, शर्ट घाईने शिवू नका.

घाईत आहे.

मैत्री


रेवदंडा,
३ मार्च

आत्या,

तुझं उत्तर आलं नाही. तूच आलीस.

परवा दिनानाथकाकांच्या टेम्पोतून तू आणि ठमाबाई उतरलात तेव्हा मी बर्फाच्या रिकाम्या टाकीमागे लपले होते. पदवीधर मुलगी, चोवीस वर्षांची, टाकीमागे! तिथून मला सगळं दिसत होतं. तुम्ही चौकीच्या दारासमोर उभ्या राहिलात. टोपलीकडे बघितलंत. मग ठमाबाई काहीतरी बोलली आणि तुम्ही दोघी हसायला लागलात. इतक्या हसलात की ठमाबाई जमिनीवर बसली. नंतर तू चहाच्या टेबलाजवळ बराच वेळ बसलीस, आमच्या नटीशी, रश्मीताईशी बोललीस, आणि मला न शोधता निघून गेलीस. मला कळत नाही की तू माझ्यावर हसलीस, की रागावलीस, की दोन्ही.

आता खरं लिहिते. ही मालिका अठरा वर्षांवरच्या प्रेक्षकांसाठी आहे. गोष्टीतल्या सरकारने स्पर्शावरच बंदी घातली आहे. हातात हात घ्यायलाही परवाना लागतो. ती दोघं चोरून भेटतात, आणि त्यांचं प्रेम पडद्यावर दिसतं. कपडे असतात, नसतात. लोक अशा मालिका कशासाठी बघतात ते मला ठाऊक आहे. अजितसरांनाही ठाऊक आहे, म्हणून तर ते काढतात. मी हे काम चुकून घेतलेलं नाही. गोष्ट पूर्ण वाचूनच घेतलं. मला वाटलं, ज्या खोलीत दोन माणसं भीत भीत जवळ येतात ती खोली कुणीतरी मनापासून केली पाहिजे. मखमल आणि निळे दिवे लावून नाही. तिथे पाण्याचा तांब्या असावा, खिडकीला जुनं पातळ असावं. बघणाऱ्याला ती दोन माणसं वाटावीत, दुकानात मांडलेला माल वाटू नये. हे मला अजूनही वाटतं. पण तुझ्यासमोर विहारात उभं राहून हे बोलायचं कसं, ते मला जमेना, आणि म्हणून मी तुला धूळ आणि शिड्या लिहिल्या.

तू मला अंगणवाडीच्या तुझ्या पगारातून रंग घेऊन दिलेस. तुझ्याशी खोटं बोलले, ते मला सगळ्यांत जास्त लागतंय.

कमिटीला सांगून माझं नाव काढून टाक. बाबांना काय सांगायचं ते तू ठरव. तू माझ्याशी बोलणार नसलीस तरी दोन ओळी लिही.

मैत्री


आगरदांडा,
६ मार्च

चि. मैत्रीस,

दोन ओळींत भागणार नाही. चष्मा लावून बसले आहे.

आधी टाकी. टाकीच्या खालून तुझ्या पिवळ्या चपला दिसत होत्या. त्या मीच तुला मुरुडच्या बाजारातून आणल्या आहेत. शोधायचं काय? म्हटलं, पोरीला यायचं असेल तेव्हा येईल.

आता टोपली. अगं वेडे, ती खुडूक कोंबडी नव्हती. आमची घरं एका खोलीची. त्यात सासू, सासरा, दोन दीर, नणंद. नव्या जोडप्याने जायचं कुठे? म्हणून दुपारच्याला उंबऱ्यावर टोपली पालथी पडली की माणसं बाहेर निघायची. सासऱ्याला एकाएकी शेताचा बांध आठवायचा. सासूला शेजारून मीठ आणायचं असायचं, आणि ते मीठ आणायला तिला तासभर लागायचा. रस्त्याने सरपंच आला तरी टोपली बघून मागे फिरायचा. पोरं विचारायची, त्यांना कोंबडी सांगायचो. तुम्ही शहाणी पोरं, लगेच विश्वास ठेवायचात.

आणि टोपली ठेवायची ती बाईने. हा नियम होता. पुरुषाने ठेवलेली कुणी मानत नसे. तुझे काका एकदा स्वतःच ठेवून खाटेवर जाऊन बसले. मी शेतातून आले, टोपली उचलली आणि शेण भरायला निघून गेले. महिनाभर वाडी त्यांना विचारत होती, "भाऊ, कोंबडी बसली का?"

ती टोपली तू चौकीच्या दाराशी ठेवलीस! आत तुमचा तो मिशीवाला इन्स्पेक्टर एकटाच ताठ बसलेला. ठमाबाई म्हणाली, "व्हय गं, ह्यो कोनाची वाट बघतोय?" म्हणून हसून हसून तिने बसकण मारली. तुझ्यावर हसलो नाही. थोडं हसलो.

आता दुसरं. माझा राग आहे, पण तो धुळीचा आणि शिड्यांचा आहे. मला खोकला होईल म्हणे. अंगणवाडीत तीस वर्षं पोरांची नाकं पुसली, मी काय धुळीला भिणार?

कामाचं म्हणशील तर ते मला एकदम आवडलं असं समजू नकोस. मी ती मालिका बघणार नाही. माझ्या मोबाइलमध्ये तेवढी जागाही नाही. तिथे आले तेव्हा माझ्या मनात एकच होतं, त्या पोरीला कुणी जबरदस्तीने तर आणलं नाही ना. आम्ही बाहेर बाकावर होतो. आतलं दार बंद होतं. थोड्या वेळाने दार उघडलं आणि सगळी माणसं बाहेर आली, कॅमेरावाला, दिवेवाला, तो नटसुद्धा. मी विचारलं, "झालं काय?" एक जण म्हणाला, "रश्मी मॅडम नको म्हणाल्या." मी म्हटलं, "मग?" तो म्हणाला, "मग काय, चहा."

ती शाल गुंडाळून माझ्याशेजारी येऊन बसली. मी तिला विचारलं, "तू नको म्हणालीस की रागवत नाहीत?" ती म्हणाली, "मावशी, कागदावर लिहून घेतलंय. आणि ती बघा, निळ्या कुर्त्यातली बाई, ती याच्यासाठीच पगारावर आहे." मैत्री, एका बाईच्या नकोवर आठ माणसं कामधंदा सोडून चहा पीत उभी होती. बासष्ट वर्षांत मी हे पहिल्यांदा पाहिलं. वाडीतल्या मुलींनी हेसुद्धा ऐकायला हवं.

म्हणून नाव काढलेलं नाही. तू येणार आणि जे आहे ते बोलणार. तुझ्या बापाला मी काही सांगणार नाही. ते तुझं काम.

जाता जाता, तुझी ती खोली आम्ही दारातून बघितली. चांगली आहे. पण एवढ्या चोरून भेटणाऱ्यांना उशी एकच?

आत्या


रेवदंडा,
२० मार्च

प्रिय, अतिप्रिय आत्या,

तुझं पत्र मी टाकीवर बसून वाचलं, मागे लपून नाही. "भाऊ, कोंबडी बसली का" इथे आल्यावर मला हसू आवरेना. रश्मीताई विचारायला लागल्या, म्हणून त्यांना वाचून दाखवलं. मग दिवेवाल्यांना. मग राहीताईंना. शेवटी अजितसरांनी पत्र हातात घेऊन स्वतः वाचलं आणि डोक्याला हात लावला. "मैत्री, नऊ दारं शूट झालीत. चौकी शूट झाली. आता काय करायचं?"

दोन दिवस मी झोपताना, जेवताना तेच डोक्यात घेऊन होते. मग सुचलं. गोष्टीतल्या सरकारला टोपलीचा अर्थ माहीत होता, आणि म्हणूनच त्याने ती बायकांकडून काढून घेतली आणि स्वतःच्या दारावर ठेवली. एखाद्याची खूण हिरावून घ्यायची आणि तिचीच बंदी करायची, यापेक्षा वाईट सरकार कुठलं? सर म्हणाले, "हे आधीपासून असंच ठरवलं होतं असं सांगायचं सगळ्यांना." मी म्हणाले, "सर, मी खोटं बोलणं नुकतंच सोडलंय." तर म्हणाले, "मग मी सांगतो."

नवा प्रसंग काल झाला. रश्मीताई रस्त्यातून चालत येतात, चौकीच्या दाराची टोपली उचलतात, डोक्यावर घेतात आणि आपल्या खोलीच्या उंबऱ्यावर पालथी घालतात. बस. एक शब्द नाही. तेवढं झाल्यावर त्या चौकीतल्या मिशीवाल्या काकांनी टाळी वाजवली, खरं तर त्यांनी रागावायचं होतं. परत घ्यावं लागलं. खोलीत आता दोन उशा आहेत. राहीताईंनी विचारलं, दुसरी कुणी सांगितली? मी म्हणाले, आमच्या सल्लागार मंडळाने.

भाषण लिहायला घेतलंय. मुलींना सगळं सांगेन, मालिका कुणासाठी आहे तेसुद्धा. बाबांना आधी फोनवर सांगावं म्हणून तीनदा फोन केला. तिन्ही वेळा ते शर्टाबद्दल बोलत राहिले आणि माझं तोंड उघडलं नाही.

तुझी मैत्री


रेवदंडा,
१६ एप्रिल

आत्या,

भाषणाच्या दुसऱ्या दिवशी सकाळच्या पहिल्या गाडीने निघाले म्हणून बोलणं राहिलं.

"ही मालिका फक्त मोठ्यांसाठी आहे, त्यात स्त्रीपुरुषांचं प्रेम उघडपणे आहे" असं म्हणाले तेव्हा विहारात पंख्याचाच आवाज राहिला. मग तू उठून माइकशिवाय म्हणालीस, "पुढं बोल, मी उजव्या कानानं ऐकतेय," आणि मागच्या मुली हसल्या. मग मला बोलता आलं. नंतर त्या पोरींनी किती विचारलं! भिंती खोट्या असतात तर पडत नाहीत का, नको म्हटल्याचा पगार कापतात का, मुलींना सुतारकाम शिकवतात का. मला आयुष्यात इतका आनंद झाला नव्हता.

आणि पहिल्या रांगेत बाबा होते. पांढऱ्या शर्टात. मी ते वाक्य बोलले तेव्हापासून ते खाली बघत होते. खीर न घेता घरी गेले. सकाळी मी निघाले तेव्हा पाठ करून दात घासत होते. मी रश्मीताईंच्या टोपलीच्या प्रसंगाचे आणि चौकीचे फोटो त्यांच्यासाठी छापून आणले होते, ते उशीपाशी ठेवून आले. फाडलेसुद्धा असतील.

त्यांना शरम वाटली असेल तर तसं स्पष्ट कळव. मला सोसेल. हे असं काहीच न कळणं सोसत नाही.

मैत्री


आगरदांडा,
२१ एप्रिल

चि. मैत्री,

काल रात्रीपर्यंत मलाही काही कळत नव्हतं. रामा चार दिवस कामावर गेला, आला, जेवला, झोपला. कमिटीतल्या एकाने त्याला नाक्यावर छेडलं, "काय रामा, पोरगी कसली शिनेमं काढते?" त्यावर हा म्हणाला, "पोरगी भिंती बांधते. माझ्यासारखी." आणि पुढे निघून गेला. हे मला ठमाबाईने सांगितलं, म्हणून मी काल जेवण झाल्यावर मुद्दाम त्याच्याकडे जाऊन बसले.

फोटो फाडलेले नाहीत. चौकीचा फोटो त्याने भाताच्या डब्याला टेकवून उभा केला होता आणि माझा चष्मा मागून घेऊन बघत होता. मी म्हटलं, रागावलायस का पोरीवर? तर म्हणाला, "रागावू न्हाय तर काय करू? समोर बसवून असलं ऐकवायचं? आधी सांगितलं असतं तर मी मागच्या रांगेत बसलो असतो." मी म्हटलं, तीनदा फोन केला तिने.

मग फोटोवर बोट ठेवून म्हणाला, "आक्का, ही भिंत कसली?" मी म्हटलं, प्लायची, रंगवलेली. त्याचा विश्वास बसेना. दिव्याजवळ नेऊन पाहिली. बोटाने पुसून पाहिली. मग एकदम आवाज चढवला. "हिला एवढं शिकवलं आणि हिला ओल कळत न्हाय! समुद्र आत आलाय ना गोष्टीत? मग खारी ओल खालून वर चढते. हिनं वरनं खाली उतरवलीय. आणि जिथं ओल थांबते तिथं पांढरा खार फुटतो, तो कुठं हाय? तीस वर्षं गवंडीकाम करतोय मी. पोरगी गवंड्याची, आणि चार मानसं बघतील, म्हणतील बापानं काय शिकवलं!"

बराच वेळ बडबडत होता. मी करून नेलेली खीर गरम करून दिली. दोन वाट्या खाल्ली.

मी उठले तेव्हा दारापर्यंत आला आणि विचारलं, "ती चौकी अजून उभी हाय का, का पाडली?" मी म्हटलं, मला वाटतं उभी आहे. तर शर्टाची बाही सारखी करत म्हणाला, "मग तिला लिही, शनवारी मला सुट्टी हाय. थापी घेऊन येतो."

आत्या